हिराइसेचा पाठ

म्हाइंभटांच्या हातची लीळाचरित्राची पोथी आज कुठेही नाही. हे महानुभाव पंथाचे प्रवर्तक चक्रधर यांचं चरित्र. मराठीतला पहिला गद्य चरित्रग्रंथ म्हणून शाळेपासून ज्याचं नाव कानावर पडतं, तो आपल्यापर्यंत आला आहे तो लोकांच्या आठवणीतून दुसऱ्यांदा उभा राहिलेला ग्रंथ. महानुभावांच्या तत्त्वज्ञानाबद्दल बोलायचं तर हे आधी सांगून टाकलेलं बरं, कारण ते तत्त्वज्ञान याच पोथीच्या पोटातून काढलेलं आहे.

आम्हा धामणगाव रेल्वेच्या लोकांना हा पंथ परका नाही. कुणी ‘दंडवत प्रणाम’ म्हटलं की घर महानुभावांचं हे इथं पोराटोरांनाही कळतं. पंथाचं तीर्थ ऋद्धपूर आमच्याच अमरावती जिल्ह्यात, मोर्शी तालुक्यात. तरी पंथाबाहेरच्या माणसाला ठाऊक काय असतं? काळी वस्त्रं, कृष्णभक्ती आणि ‘मानभाव’ हा शब्द घालून केलेल्या दोन-चार टिंगलीच्या म्हणी. त्या वस्त्रांमागे एक अख्खं विश्व रचलेलं आहे, याचा पत्ता शेजाऱ्यालाही नसतो.

ते विश्व असं. जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर हे चार पदार्थ अनादी आणि एकमेकांहून वेगळे. देवता थोड्याथोडक्या नाहीत. परंपरेची मोजणी एक्क्याऐंशी कोटी, सव्वा लाख आणि वर दहा अशी आहे. कर्मभूमीच्या देवतांपासून थेट मायेपर्यंत त्यांच्या पायऱ्या लागलेल्या. प्रत्येक देवता आपापल्या पायरीचं फळ देते, मोक्ष मात्र एकीच्याही हाती नाही. तो परमेश्वरच देतो आणि त्यासाठी अवतार घेऊन माणसांत येतो. फलटणचे चक्रपाणी, ऋद्धपूरचे गुंडम राऊळ आणि चक्रधर हे श्रीकृष्ण-दत्तात्रेयांच्या रांगेत बसतात ते या हिशेबाने. कोटींच्या पुढे तो ‘वर दहा’ वाचला की मला एखाद्या काटेकोर मुनिमाची वही आठवते. कल्पनेला इतका नेमका आकडा लागतो तो का, हा प्रश्न निराळाच.

आता या मांडणीतलं चक्रधरांचं किती आणि मागाहून आलेलं किती? इथून कागदपत्रांचं काम सुरू होतं. चक्रधरांनी स्वतः काही लिहिलं नाही. ते निघून गेले. वर्ष 1272 की 1274, यावर अभ्यासकांचं एकमत नाही. मागे राहिलेली मंडळी नागदेवाचार्य, म्हणजे भटोबास, यांच्याबरोबर ऋद्धपूरला गुंडम राऊळांच्या सेवेत राहिली. तिथेच म्हाइंभटांनी आठवणी गोळा करायला घेतल्या. हा माणूस प्रभाकर मीमांसेचा पंडित, वादात हरवायला म्हणून चक्रधरांकडे आलेला आणि शिष्य होऊन राहिलेला. मीमांसकाची शिस्त त्याने सोडली नाही. प्रसंग कुणी पाहिला, कुणी ऐकला, हे तो ज्याला-त्याला विचारत गेला. ग्रंथ एकांक, पूर्वार्ध, उत्तरार्ध असा लागला. काळ साधारण 1278 आणि पुढची काही वर्षं. म्हणजे ज्ञानेश्वरीच्याही आधी.

पुढे भटोबासांचे शिष्य केसोबास यांनी या लीळांमधून चक्रधरांची वचनं तेवढी वेचून काढली. तो सूत्रपाठ. कुणाला, कुठे, कशावरून म्हटलं हे सगळं लीळेतच राहिलं आणि सूत्र सुटं झालं. आचार, विचार, संसरण, उद्धरण अशा प्रकरणांत ही सुटी वाक्यं लावली गेली. त्यामुळे ज्याला आपण महानुभाव दर्शन म्हणतो त्याची वाक्यं चक्रधरांची असली, तरी त्यांचा क्रम चक्रधरांचा नाही. हे मी दोष म्हणून सांगत नाही. दृष्टान्तपाठ पाहा. त्यात 114 दृष्टान्त आहेत आणि प्रत्येकाचे तीन भाग: सूत्र, दृष्टान्त, दार्ष्टान्तिक. पहिले दोन चक्रधरांचे, तिसरा केसोबासांचा. हत्ती आणि आंधळ्यांची गोष्ट यात आहे. गोष्ट कुठे संपते आणि तिचा अर्थ कुठे सुरू होतो, ते वाचकाला उघड दिसतं. मूळ बोलणाऱ्याचा शब्द आणि अर्थ लावणाऱ्याचा शब्द यांच्यात तेराव्या-चौदाव्या शतकात इतकी स्वच्छ रेघ ओढलेली आहे. आजच्या कित्येक चरित्रकारांना ते जमत नाही.

चौदाव्या शतकाच्या आरंभी, खिलजींच्या स्वाऱ्यांच्या धामधुमीत, लीळाचरित्राची पोथी गेली. मग ज्यांना ती पाठ होती त्यांच्याकडून ती पुन्हा लिहून घेतली गेली. यात हिराइसा नावाच्या बाईचा पाठ मानाचा. रामेश्वरबास, परशरामबास यांचेही पाठ होते. अर्थात ते जुळेनात. जुळवून एकच गुळगुळीत पाठ करणं सोपं होतं. त्यांनी तसं केलं नाही. दुसऱ्याची आठवण वेगळी असेल तर तिला ‘वासना’ म्हणत आणि तीही पोथीत नोंदवत. माझ्या मते पंथाची खरी इतिहासबुद्धी देवतांच्या त्या आकड्यांत नाही, या वासनांत आहे. शिवाय पंडितांच्या या उद्योगात एका बाईच्या स्मरणाला प्रमाण मानलं गेलं, हेही सहज डोळ्यांआड होतं. भटोबासांनी केसोबासांना संस्कृतात लिहू नका म्हणून अडवलं ते अशाच म्हाताऱ्याकोताऱ्या बायकांसाठी, असं ‘स्मृतिस्थळ’ हा पंथाचा ग्रंथ सांगतो.

नंतर पोथ्या सांकेतिक लिपीत गेल्या. सकळ, सुंदरी, वज्र, अंक अशा कितीतरी लिप्या झाल्या. सकळ लिपीत एका अक्षराच्या जागी दुसरं ठरवून घेतलेलं असतं. त्यामुळे परक्याच्या हाती ग्रंथ लागला तरी उघडत नव्हता. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला राजवाडे आणि वि. ल. भावे यांच्या हाती या लिपीची किल्ली आली. मग यवतमाळचे य. खु. देशपांडे, नागपूरचे ह. ना. नेने, वि. भि. कोलते अशी वैदर्भी माणसं कामाला लागली. कोलत्यांची लीळाचरित्राची आवृत्ती 1978 मध्ये राज्य साहित्य संस्कृती मंडळाने काढली. तिच्यावरून वादही झाले. श्रद्धेचा ग्रंथ आणि संशोधकाची संहिता एकाच बाडात बांधली की ते व्हायचेच.

पण एका ठिकाणी सगळे पाठ थांबतात. चक्रधर उत्तरापंथे गेले, असं पोथी म्हणते. शेवटाबद्दल अभ्यासकांनी अनेक तर्क लढवले. पंथात मात्र ते गेले म्हणजे वारले असं नाही, ते आहेत. हिराइसेने या जागेपुढचं काही सांगितलं नाही, कारण तिला पाठ होतं ते इथवरच.