पार्थपूरचे कालज्ञ

काळाचे गूढ शिकवणारे विद्यापीठ हा अद्भुतकथेचा लाडका विषय आहे. काळ मागे फिरवता येतो, थांबवता येतो, त्याचे नियम गुरूकडून शिकता येतात, ही कल्पना कोणत्याही वयाच्या वाचकाला मोहवते. अशा पीठाचा प्रत्यक्ष नमुना मराठी मुलखात शोधू गेल्यास तो मिळतो. इतकेच नव्हे, तर त्याचे परस्परांहून पार वेगळे असे दोन नमुने मिळतात. एक खानदेशातील पाटण येथे, तर दुसरा आजच्या परभणी जिल्ह्यातील पाथरीस, म्हणजेच संस्कृत ग्रंथांतील पार्थपुरास.

पाटणचा मठ रूढ अर्थाने संस्था होता. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा यादव राजा सिंघणाचा ज्योतिषी. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने हा मठ स्थापला. निकुंभ घराण्यातील सोइदेवाने त्याला दान दिले. १२०७ च्या सुमाराचा हा शिलालेख भाऊ दाजी लाड यांनी १८६५ मध्ये प्रसिद्ध केला. त्याचा मुख्य भाग संस्कृतात असला तरी दानाचा तपशील मराठीत आहे, म्हणून प्राचीन मराठीच्या अभ्यासकांनाही तो परिचित असतो. बाजारात येणाऱ्या मालावरचे राजाचे उत्पन्न मठाला, प्रत्येक घाण्यामागे पळीभर तेल मठाला, अशी त्यातील व्यवस्था. स्तुती संस्कृतात आणि हिशेब मराठीत, ही वाटणी बोलकी आहे. ज्यांच्या घाण्याचे तेल मठाच्या दिव्यात जळले, त्यांची मुले त्या दिव्याखाली सिद्धान्तशिरोमणी वाचायला बसली असण्याचा संभव जवळजवळ नाही. कालविद्येचा खर्च गावाने सोसला; विद्या मात्र मोजक्या घरांची राहिली.

पाथरीला असा मठ नव्हता. होते ते एक कुटुंब. ज्ञानराजाने १५०३ च्या सुमारास ‘सिद्धान्तसुंदर’ रचला. भास्कराचार्यांचा ‘सिद्धान्तशिरोमणी’ ११५० चा. मधल्या साडेतीनशे वर्षांत पंचांगाला उपयोगी पडणारे करणग्रंथ लिहिले गेले, पण कल्पारंभापासून, म्हणजे चारशे बत्तीस कोटी वर्षांच्या कालखंडावर गणिताची उभारणी करणारा त्या तोलाचा सिद्धान्तग्रंथ पुन्हा झाला तो गोदाकाठच्या या गावी. ज्ञानराजाचे पुत्र चिंतामणी आणि सूर्यदास हे दोघेही ग्रंथकार. चिंतामणीने वडिलांच्याच ग्रंथावर टीका लिहिली. ‘जातकाभरण’कार ढुंढिराज हा ज्ञानराजाचा शिष्य. ओसरी हीच शाळा आणि मुलगा हाच विद्यार्थी, अशी ही परंपरा.

काळ मात्र स्वस्थतेचा नव्हता. बहामनी सत्ता विस्कटत होती. पाथरी इमादशाहीच्या ताब्यात होती, आणि अहमदनगरच्या निजामशाही घराण्याचे पूर्वज पाथरीचेच असल्याने त्या गावावर त्यांचा डोळा होता. १५१८ मध्ये बुऱ्हाण निजामशहाने पाथरी घेतली; पुढेही तिच्यासाठी लढाया झाल्या. सूर्यदास तेव्हा दहा-अकरा वर्षांचा असावा. त्याने १५३८ मध्ये, वयाच्या एकतिसाव्या वर्षी, भास्कराचार्यांच्या बीजगणितावर टीका लिहिली आणि १५४१ मध्ये लीलावतीवर. ज्या गावाचा धनी वारंवार बदलत होता, तिथे चारशे वर्षांपूर्वीच्या ग्रंथाचे अध्ययन खंडित झाले नाही. राजाश्रयावर उभी असलेली संस्था राजाबरोबर खचते. घरातील विद्येला निदान तो धोका कमी असतो. तिचा धोका निराळा: घर संपले की ती संपते.

ज्ञानराजाला केवळ आधुनिक दृष्टीचा पूर्वसूरी ठरवण्याचा मोह आवरायला हवा. पुराणांतील भूगोल आणि सिद्धान्तातील गोल पृथ्वी यांचा विरोध त्याला खुपत होता, आणि तो पुराणे नाकारून नव्हे, तर दोहोंचा मेळ घालून मिटवावा असे त्याला वाटत होते. पृथ्वी स्वतःच्याच शक्तीने अधांतरी राहते, हे भास्कराचार्यांचे मत सोडून तो शेष-कूर्मादी आधारांकडे वळतो. याला मागे जाणे म्हणता येईल. पण ज्या प्रश्नाला आधीच्या आचार्यांनी बगल दिली होती, तो त्याने अंगावर घेतला, हेही खरे.

साहित्याच्या विद्यार्थ्याला या घराण्याकडे वळायला आणखी एक कारण आहे. सिद्धान्तसुंदरात ऋतुवर्णनाचे काव्यमय प्रकरण आहे. ग्रहगणित आणि वसंतवर्णन एकाच ग्रंथात नांदू शकतात, याची त्या काळी कोणाला लाज वाटत नव्हती. सूर्यदासाचे ‘रामकृष्णविलोमकाव्य’ तर त्याहून पुढचे. श्लोकाच्या पूर्वार्धात रामकथा. तीच अक्षरे शेवटापासून आरंभाकडे वाचली की उत्तरार्धात कृष्णकथा. त्रेतायुग सुलट आणि द्वापरयुग उलट! ही निव्वळ शब्दकसरत म्हणून हिणवण्याची आपल्याकडे रीत आहे, आणि अर्थाची ओढाताण तीत आहेही. तरीही हा कवी गणितज्ञ होता, हे विसरून चालणार नाही. समीकरणात ज्ञातापासून अज्ञाताकडे जाणारा, विलोमक्रियेने उत्तराकडून प्रश्नाकडे येणारा मनुष्य भाषेलाही त्याच रीतीने हाताळून पाहतो. काळ उलटा फिरवण्याची जादू त्याला साधली ती अक्षरांत.

शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी १८९६ मध्ये आपल्या ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ या ग्रंथात या घराण्याची माहिती मराठीत नोंदवून ठेवली. सिद्धान्तसुंदराचा इंग्रजी अनुवाद अमेरिकेत प्रसिद्ध झाला तो २०१४ मध्ये. या दोन वर्षांमधले अंतर एका शतकाहून अधिक आहे, आणि ते मराठी विद्यापीठांना विचार करायला लावणारे आहे. गणिताचा विभाग विलोमकाव्य वाचत नाही, मराठीचा विभाग सिद्धान्तग्रंथ उघडत नाही, आणि संस्कृतचा विभाग दोन्हींना अभ्यासक्रमाबाहेर ठेवतो. पाथरीच्या त्या घरात या भिंती नव्हत्या. जातीची भिंत मात्र होती. आज ती विद्या परत हाती घ्यायची, तर पहिल्या भिंती पाडाव्या लागतील आणि दुसरीही. त्यातली एकच पाडून भागणार नाही.