जखमांवरून काढलेला नकाशा

डोळ्यांसमोरचे जग मेंदू कसे मांडून ठेवतो, या प्रश्नाचे एक आरंभीचे नेमके उत्तर बंदुकीच्या गोळ्यांनी पुरवले आहे. १९०४-०५च्या रशिया-जपान युद्धात रशियन सैन्याकडे ७.६२ मिलिमीटर व्यासाच्या, वेगवान गोळ्यांच्या रायफली होत्या. जुनी जड गोळी कवटीच्या चिंधड्या करी. ही पुष्कळदा आरपार जाई आणि माणूस जगे. अशा जपानी सैनिकांची दृष्टी किती गेली, हे निवृत्तिवेतनासाठी ठरवण्याचे काम तात्सुजी इनोउये या तरुण नेत्रवैद्याकडे आले. काम तसे कारकुनीच. पण गोळी शिरली कुठे आणि निघाली कुठे, हे मोजून इनोउये यांनी तिचा मेंदूतला मार्ग काढला व तो दृष्टिक्षेत्रातल्या आंधळ्या भागाशी ताडून पाहिला. १९०९मध्ये जर्मन भाषेत प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या ग्रंथातून दिसते ते असे : समोरचे दृश्य मेंदूच्या मागच्या भागात शेजाराला शेजार राखून उतरते, प्रमाण मात्र राखत नाही. नजरेच्या मध्याभोवतीच्या चिमूटभर जागेला तिथे ऐसपैस प्रदेश मिळतो. कडेच्या साऱ्या विस्ताराला थोडक्यात भागवावे लागते. (वाचनाचा सारा संसार त्या चिमटीतच चालतो.) पहिल्या महायुद्धात गॉर्डन होम्स यांनी ब्रिटिश जखमींवरून असाच नकाशा रेखाटला आणि नाव त्यांचेच अधिक झाले. १९९१मध्ये हॉर्टन व हॉइट यांनी एमआरआयच्या साहाय्याने तो तपासला, तेव्हा मध्याचा प्रदेश होम्स यांनी दाखवला होता त्याहूनही मोठा निघाला.