पाणथळ: क्षेत्र की आवर्तन?

आपल्याकडे पाणथळींची मोजदाद हेक्टरात होते. उपग्रहांच्या छायाचित्रांवरून देशात सव्वादोन हेक्टरांहून मोठ्या २,०१,५०३ पाणथळी निघाल्या आणि २०१७ साली सर्वोच्च न्यायालयाने त्या राखण्याचा आदेश दिला. आदेश गरजेचाच होता. नकाशावर हद्द नसलेले तळे भराव टाकून कधी बुजवले जाते याचा पत्ताही लागत नाही. पण हेक्टर हे जमिनीचे माप. पाणथळीचा जीव अवलंबून असतो तो पाणी केव्हा येते, किती चढते, किती महिने टिकते, गोडे असते की खारे आणि केव्हा ओसरते, यांवर. या साऱ्याला मिळून येथे आवर्तन म्हटले आहे. मोठ्या पाणथळींची हद्द शाबूत असतानाही त्या मरू शकतात, कारण त्यांचे आवर्तन त्यांच्या हद्दीपासून दूर कुठेतरी ठरते, असे या लेखाचे प्रतिपादन आहे.

आधी आवर्तनाची क्रिया पाहू. पाणी ओसरून चिखल उघडा पडला की त्यात प्राणवायू शिरतो, कुजणे वेगाने होते आणि नत्र, स्फुरद मोकळे होतात. पुढच्या पुराचे पाणी त्यावर चढते तेव्हा शेवाळ आणि सूक्ष्म प्राणी फोफावतात, मासे उथळ कडेला अंडी घालतात, पिल्लांना खाद्य आणि आडोसा दोन्ही मिळते. पुन्हा पाणी उतरताना मासे डबक्यांत दाटतात आणि बगळे, करकोचे, चित्रबलाक यांना पिल्ले पोसणे परवडते. कोरडा काळ हा पाणथळीचा आजार समजणे ही इथली पहिली चूक. तो तिच्या वर्षाचा भाग आहे. युंक, बेली आणि स्पार्क्स यांनी १९८९ साली ‘पूरस्पंद’ संकल्पनेत हेच मोठ्या नद्यांच्या पूरमैदानांसाठी मांडले.

आवर्तन अडले की काय होते, हे मणिपूरच्या लोकताकमध्ये स्वच्छ दिसते. तिथे फुमदी, म्हणजे मुळे, माती आणि कुजका पाला यांचे तरंगते थर असतात. हिवाळ्यात पाणी उतरले की फुमदी तळाला टेकत, मुळे मातीतून अन्न घेत आणि पावसाळ्यात जाड होऊन पुन्हा वर येत. १९८३ पासून वीजप्रकल्पाच्या इथाई बंधाऱ्याने पाणी वर्षभर चढते ठेवले. टेकायला तळ उरला नाही, थर पातळ होऊ लागले आणि केइबुल लामजाओ राष्ट्रीय उद्यानातल्या फुमदींवर वावरणाऱ्या सांगाई हरणाच्या पायांखालची भूमीच खचली. इथे पाणी कमी पडलेले नाही, ते उतरत नाही. सरोवर भरलेले दिसते म्हणून बाहेरच्याला बिघाड कळतही नाही.

भरतपूरच्या केवलादेवची गोष्ट उलट्या अंगाने जाते. सुमारे २९ चौरस किलोमीटरचे हे उद्यान मानवनिर्मित बांधांवर जगते. गंभीर नदीचे पाणी अजान बांधातून येई आणि त्याबरोबर माशांची पिल्लेही येत. १९८२ मध्ये राष्ट्रीय उद्यान जाहीर होऊन म्हशींना बंदी झाली, विरोध करणाऱ्या गावकऱ्यांवर गोळीबार झाला, माणसे मेली. मग मुंबईच्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या दीर्घ अभ्यासातून निघाले की म्हशी गेल्यावर पास्पालम गवताने पाण्याचा पृष्ठभाग गिळला आणि पक्ष्यांची जागाच कमी झाली. चरणे हाही त्या आवर्तनाचा भाग बनला होता. पुढे वरच्या अंगाला पांचना धरण झाले आणि पाण्यासाठी शेतकरी व उद्यान समोरासमोर आले. कूपनलिकेने उपसलेले पाणी खड्डा भरते, पण त्यात माशांची पिल्ले नसतात. नदीचे काम पंपाकडून होत नाही.

ओडिशाचे चिलिका या दोन्हींहून गुंतागुंतीचे आहे, आणि शिकवणारेही. उन्हाळ्यात सुमारे ९०० आणि पावसाळ्यात सुमारे १,१६५ चौरस किलोमीटर पसरणारे हे खाजण सरोवर. उत्तरेकडून महानदीच्या दया, भार्गवी यांसारख्या शाखा गोडे पाणी आणि गाळ आणतात. वाळूच्या लांबट पट्टीतल्या मुखातून समुद्राची भरती शिरते. पावसाळ्यात उत्तर भाग जवळपास गोडा होतो, उन्हाळ्यात खारेपणा आत सरकतो. या चढउतारावर सारे बेतलेले आहे. कोळंबीची पिल्ले समुद्रातून आत येतात, वाढतात, प्रजननासाठी परत जातात. बोयसारखे मासेही असेच ये-जा करतात. म्हणजे मुख हे चिलिकाचे दारच.

हे दार स्थिर नव्हते. किनाऱ्यालगत वाहणारी वाळू मुखाला सतत ईशान्येकडे ढकलत होती. मुख लांब गेले तशी समुद्राला जोडणारी वाहिनी लांबली, गाळाने अरुंद झाली आणि भरतीचा जोर वाटेतच संपू लागला. खारेपणा घटला. गोड्या पाण्यातले तण पसरले. तणात गाळ अडकला, गाळाने उथळ झालेल्या जागी आणखी तण आले. एका बिघाडाने दुसऱ्याला खतपाणी घालावे असे हे चक्र होते. १९८१ साली भारताच्या पहिल्या दोन रामसर स्थळांत, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळींत, केवलादेवच्या जोडीने गणलेले चिलिका १९९३ मध्ये माँत्र्यो नोंदीत, म्हणजे धोक्यात आलेल्या पाणथळींच्या यादीत गेले.

उपाय करताना चिलिका विकास प्राधिकरणाने कुंपण घातले नाही. पुण्याजवळच्या खडकवासल्याच्या केंद्रीय जल व विद्युत संशोधन केंद्राने भरती-ओहोटीची प्रतिरूपे तयार केली आणि त्या आधारे प्राधिकरणाने २३ सप्टेंबर २००० रोजी सिपाकुडा येथे वाळूची पट्टी कापून नवे मुख उघडले. समुद्राचा रस्ता सुमारे १८ किलोमीटरांनी कमी झाला. १९९९-२००० साली सुमारे १,७५० टन असलेले मत्स्योत्पादन २००१-०२ मध्ये १२,००० टनांच्या घरात गेले. पुढची सगळी वर्षे अशी चढती नव्हती. तरीही २००२ मध्ये चिलिका माँत्र्यो नोंदीतून बाहेर आले. आशियातले असे ते पहिलेच स्थळ.

या यशाची कथा अभियांत्रिकीपाशीच थांबवली जाते, तेव्हा माझा तिच्यावरचा विश्वास थोडा कमी होतो. चिलिकाचे मच्छीमार समाज — केउट, कंडरा, तिअर, नोलिया — पाण्याच्या हंगामांप्रमाणे जागा वाटून घेत आले. पाणी ओसरताना उथळ भाग अडवून मासे धरायचे तो ‘जानो’, मोकळ्या पाण्यात जाळी टाकायची ती ‘बहाणी’. हक्क जमिनीच्या तुकड्यावर नव्हता, पाण्याच्या एका अवस्थेवर होता. १९९१च्या पट्टाधोरणाने कोळंबीशेतीला वेगळे दालन उघडले, पैसेवाले बाहेरचे आले आणि जाळी-बांबूंच्या ‘घेरी’ उभ्या राहिल्या. घेरी वर्षभर एकाच जागी असते. तिने प्रवाह अडतो, गाळ बसतो, बारीक जाळ्यात पिल्ले सापडतात. १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने चिलिका आणि पुलिकत या सरोवरांच्या काठापासून १,००० मीटरांत कोळंबीशेती बंद करण्याचा निकाल दिला. अंमल झाला नाही. मे १९९९ मध्ये घेरी उखडायला निघालेल्या मच्छीमारांवर सोराण गावी गोळीबार होऊन चौघे मेले. चिलिकाचे आवर्तन समजणारी माणसे तिथे आधीपासून होती, एवढे तरी यातून नोंदवावे.

पाणी परत खेळू लागल्याचा फायदा इतरांनाही झाला. तळावरचे समुद्रगवत पसरले, इरावती डॉल्फिनचा वावर सरोवराच्या आतल्या भागात वाढला. आज त्यांची संख्या दीडशेच्या आसपास असते. पावसाळ्यात बुडणाऱ्या आणि हिवाळ्यात चिखलाची मैदाने उघडी करणाऱ्या नलबण बेटावर स्थलांतरित पाणपक्षी उतरतात. ते बेट वर्षभर कोरडे किंवा वर्षभर बुडालेले राहिले तर अभयारण्याचा फलक तेवढा उरेल.

नवे मुखही सरकतच राहणार. २००८ मध्ये समुद्राने गबकुंड येथे स्वतःच एक वाट फोडली. २०१९च्या फनी वादळाने पट्टीत आणखी तोंडे पाडली आणि या वेळी काळजी खारेपणा वाढण्याची होती. म्हणून ‘मुख उघडा’ हा कायमचा तोडगा होत नाही. दर काही वर्षांनी मोजमाप घेऊन निर्णय करावा लागतो.

गोड्या पाण्याचे टोक मात्र प्राधिकरणाच्या हातात नाही. महानदीवर १९५७ पासून हिराकुड आहे, खाली नराज बंधारा आहे आणि ओडिशा-छत्तीसगड वादासाठी २०१८ पासून लवाद बसला आहे. सिंचनाच्या हिशेबात समुद्राला मिळणारा पूर ‘वाया गेलेले पाणी’ म्हणून लिहिला जातो. तोच पूर गाळ ढकलतो, मुख धुऊन काढतो आणि खारेपणाची पायरी ठरवतो. लवादापुढे वार्षिक घनमीटरांचा एकच आकडा ठेवून भागणार नाही. जुलै ते सप्टेंबरमध्ये किती लोंढा हवा आणि हिवाळ्यात किती कमी प्रवाह चालेल, असे महिनेवार तपशील चिलिकाच्या नावे मागावे लागतील.