सीमेवरच्या मुलखातून रंगभूमीकडे : नाटककार अण्णासाहेब किर्लोस्कर

सांगलीत विष्णुदास भावे यांनी ‘सीतास्वयंवर’ रंगभूमीवर आणले ते १८४३ साली. त्याच वर्षी आजच्या कर्नाटकातील गुर्लहोसूर या गावी बळवंत पांडुरंग किर्लोस्कर यांचा जन्म झाला. घरात मराठी आणि भोवताली कानडी, अशा वातावरणात वाढलेला हा मुलगा पुढे मराठी संगीत नाटकाचा प्रवर्तक ठरला.

भावे यांच्या परंपरेत गाण्याचा भार मुख्यतः सूत्रधाराकडे असे. पात्रे आपली भाषणे बहुधा आयत्या वेळी रचून बोलत. पुण्यात सरकारी नोकरीत असताना अण्णासाहेबांनी पारशी मंडळीचा ‘इंद्रसभा’चा खेळ पाहिला आणि मराठीतही असे नाटक व्हावे, या विचाराने ते कामाला लागले. ३१ ऑक्टोबर १८८० रोजी पुण्यात ‘संगीत शाकुंतल’चे पहिले चार अंक रंगले. संवाद आधीच लिहिलेले होते आणि प्रत्येक पात्र आपले पद आपल्याच मुखाने गात होते. कालिदासाची शकुंतला मराठीत स्वतःचे मनोगत गाऊ लागली.

त्यांच्या पदरचनेचे मर्म येथेच आहे. साकी, दिंडी, लावणी यांच्या ओळखीच्या चालींबरोबर त्यांनी कानडी चालीही घेतल्या. मात्र चालीसाठी शब्दांची ओढाताण केली नाही. ऐकताक्षणी अर्थ कळावा, अशी त्यांची भाषा साधी आणि घरगुती राहिली. १८८२ मध्ये आलेल्या ‘संगीत सौभद्र’ची कथा महाभारतातील असली, तरी त्यातील रुसवे-फुगवे, लग्नाची खटपट आणि थोरल्या भावाचा धाक प्रेक्षकांना आपल्याच घरातले वाटले. याच सुमारास बडोद्याचे भाऊराव कोल्हटकर मंडळीत आले आणि त्यांच्या गळ्याने ही पदे घरोघर पोहोचविली.

‘रामराज्यवियोग’ अपुरे असतानाच, २ नोव्हेंबर १८८५ रोजी अण्णासाहेबांचे निधन झाले. वय अवघे बेचाळीस. पहिल्या प्रयोगापासून त्यांना जेमतेम पाच वर्षे मिळाली होती. परंतु त्यांना गुरुस्थानी मानणाऱ्या गोविंद बल्लाळ देवलांनी ती वाट ‘शारदा’पर्यंत नेली.

महाराष्ट्राबाहेर मराठी शाळा चालविणाऱ्यांना आणि त्यांत मुलांना घालणाऱ्यांना हे चरित्र विशेष जवळचे वाटावे. शेजारची भाषा कानी पडल्याने अण्णासाहेबांची मराठी उणावली नाही. उलट त्या भाषेच्या चालींनी तिला नवा सूर दिला. भाषा टिकते ती बोलणाऱ्यांच्या आवडीवर. ती आवड घरात आणि शाळेत जोपासली गेली, तर दूरच्या गावीही मराठीला रंगमंच मिळतो आणि प्रेक्षकही.