वेष, श्रद्धा आणि पडदा

जत्रेच्या रात्री देवळापाशी दशावतार उभा राहतो, तेव्हा पुरुष नट लुगडे नेसून द्रौपदी होतो किंवा तारामती होतो, आणि आपल्यापैकी कोणासही त्यात वावगे वाटत नाही. तिच्या शोकाने समोरच्या बाया डोळे पुसतात. पहाटे दहिकाला झाला की वेष उतरतो आणि नट माणसांत मिसळतो. आमचा आजचा प्रश्न मात्र ज्याचे वेगळेपण वेषाबरोबर उतरत नाही, अशा माणसाविषयीचा आहे. त्याला देवळात आणि घरात जागा कोणती? चित्रपटांनी या प्रश्नाचा शोध कसा घेतला, ते थोडक्यात पाहू.

आरंभ परदेशस्थ भारतीयांपासून करणे सोयीचे. नैरोबीत जन्मलेल्या आणि इंग्लंडात वाढलेल्या प्रतिभा परमार यांनी १९९१ साली 'खुश' हा माहितीपट काढला. त्यात ब्रिटन, उत्तर अमेरिका व भारत येथील समलिंगी स्त्रीपुरुष स्वतःविषयी बोलतात. वर्णामुळे परदेशात परके आणि प्रेमामुळे स्वजनांत परके, असा हा दुहेरी वनवास होता. पुढे २००७ साली भारतात जन्मलेल्या परवेझ शर्मा यांनी 'अ जिहाद फॉर लव्ह' मध्ये समलिंगी मुसलमानांची कैफियत मांडली. ही माणसे धर्म टाकावयास निघालेली नाहीत. धर्मात राहू द्या, एवढेच त्यांचे मागणे आहे.

मराठीत २००९ साली राजीव पाटील यांचा 'जोगवा' आला. त्यातील तायप्पावर देवीच्या नावाने लुगडे लादले जाते. त्याचे पुरुषपण हिरावले जाते ते श्रद्धेच्याच हातून. एकावर नको असलेला वेष लादणे आणि दुसऱ्याला हवा असलेला नाकारणे, हा आमच्या मते एकच अन्याय होय. दोन्हींत त्या माणसाला कोणी विचारीत नाही.

रोहन कानवडे यांच्या 'साबर बोंडं' या चित्रपटास २०२५ साली अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात जागतिक कथापट विभागाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले. मुंबईचा आनंद वडिलांच्या दहा दिवसांच्या सुतकासाठी गावी येतो. नातलग लग्नाचा धोशा लावतात; त्याला आधार मिळतो तो बालमित्राचा. मुलगा सुतक पाळतो, आपले प्रेमही जपतो, आणि दोहोंत विरोध असल्याचे चित्रपट मानीत नाही.

ही कथा आपल्याला परकी नाही. गणपतीला मुंबईहून येणाऱ्या आपल्या चाकरमान्यालाही लग्न कधी, हे घरोघरी विचारले जाते. ६ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांच्या संमतीच्या समलिंगी संबंधांवरील गुन्ह्याचा शिक्का पुसला. परंतु ओसरीवरचा निवाडा न्यायालय करू शकत नाही. तो आपणच करावयाचा आहे. दशावतारातील द्रौपदीसाठी रात्रभर जागणाऱ्या आपल्या गावांना, घरातल्या मुलाचे म्हणणे घटकाभर ऐकून घेणे जड जाऊ नये.