बिशप वुड, पाद्री एल्विन आणि राजनिष्ठेची शपथ

अकोल्याचें जुनें शहर मोर्णा नदीच्या पश्चिम तीरीं, असदगडाच्या आसऱ्यानें वसलेलें आहे. इंग्रजी अमलांत कचेऱ्या व साहेबलोकांचे बंगले पूर्व तीरावर ताजनापेठेकडे झाले. जुन्या शहरांतील वाड्यांतून मोडी रुमाल धुंडाळणारा संशोधक नदीपलीकडच्या त्या अमलाचे कागद पाहतो ते बहुधा वसुली व जमाबंदी यांपुरतेच. पाद्र्यांच्या पत्रव्यवहारांत वऱ्हाडच्या इतिहासास उपयुक्त असें काय असणार, अशी सर्वसाधारण समजूत आहे. ती कितपत खरी आहे, हें एका प्रकरणावरून पाहावयाचें आहे.

आंग्ल पंथाच्या धर्मव्यवस्थेंत वऱ्हाड प्रांत नागपूरच्या बिशपकडे असे. या गादीवरील पहिले बिशप एअर चॅटर्टन यांचें नांव वाचकांस नवें नाहीं. गोंडवनाच्या इतिहासावरील त्यांचा १९१६ सालचा इंग्रजी ग्रंथ पुष्कळांच्या संग्रहीं असेल. त्यांच्या मागून आलेले अलेक्स वुड मात्र आपल्याकडे जवळजवळ विस्मृतींत गेले आहेत. चांद्याच्या स्कॉटिश मिशनमध्यें त्यांनीं उमेदीचीं वर्षें घालविलीं. १९१९ पासून सात वर्षें ते छोटानागपूरचे बिशप होते, आणि १९२६ पासून १९३६ पर्यंत नागपूरचे. छावणींतल्या गोऱ्यांपुरती प्रार्थना सांगणाऱ्या सरकारी पाद्र्यांपैकीं ते नव्हते. चांद्याकडील दरिद्री रयत, आणि पुढें मुंडा व उरांव, यांच्यामध्यें त्यांचें आयुष्य गेलें होतें. ही गोष्ट ध्यानांत ठेवल्यावांचून पुढील वादाचा नीट उलगडा होत नाहीं.

वादांतील दुसरा पक्ष व्हेरिअर एल्विन यांचा. हे स्वतः एका बिशपचे चिरंजीव. वडील एडमंड एल्विन आफ्रिकेंतील सिएरा लिओनचे बिशप होते. ऑक्सफर्डचें शिक्षण व पौरोहित्याची दीक्षा घेऊन व्हेरिअर १९२७ सालीं पुण्याच्या ख्रिस्त सेवा संघांत आले. १९२८ च्या जानेवारींत साबरमतीस गांधीजींची भेट झाली, आणि १९३० सालीं सत्याग्रहाचा ख्रिस्ती दृष्टीनें पुरस्कार करणारें पुस्तक त्यांनीं लिहिलें. ४ जानेवारी १९३२ रोजीं पहांटे मुंबईस मणिभवनांत गांधीजींस अटक झाली, तेव्हां एल्विन तेथें हजर होते. तेथून ते थेट वायव्य सरहद्दीवर गेले. खुदाई खिदमतगारांवरील जुलमाची चौकशी करीत असतां त्यांस प्रांत सोडून जाण्याचा हुकूम झाला. त्याच महिन्याच्या ३० तारखेस शामराव हिवाळे या मराठी सहकाऱ्यासह ते मंडला जिल्ह्यांतील करंजिया येथें गोंडांमध्यें राहावयास आले. वर्ध्याचे जमनालाल बजाज यांचा या कामास आधार होता.

करंजिया नागपूरच्या धर्मप्रांतांत येत असल्यामुळें तेथें पौरोहित्य करण्यास बिशपचा परवाना हवा होता. वुड यांनीं राजनिष्ठेची शपथ मागितली. एल्विन यांनीं ती नाकारली. परवाना मिळाला नाहीं. गोंडांस ख्रिस्ती करावयाचें नाहीं, हें एल्विन यांचें धोरणही बिशपांस पसंत नव्हतें. येरवड्याच्या तुरुंगांतून गांधीजींनीं सांत्वनाचें पत्र धाडलें, तें त्यांच्या पत्रसंग्रहांत पाहावयास मिळतें.

हकीकत एवढीच. पण या शपथेचा अर्थ वऱ्हाडांत बसून लावूं लागलें म्हणजे तो मोठा चमत्कारिक दिसतो. हिंदुस्थानांतील आंग्ल मंडळी १ मार्च १९३० रोजींच विलायतेच्या धर्मसंस्थेपासून कायद्यानें विभक्त झाली होती. विलायतेच्या राजाची शपथ मात्र तिच्या उंबरठ्यावर तशीच राहिली. आणखी असें कीं, वुड यांच्या धर्मप्रांतांतील वऱ्हाडावर सार्वभौमत्व निजामाचें होतें. १९०२ च्या करारानें इंग्रज सरकार सालीना पंचवीस लाख रुपये भरून त्याचें कायमचें पट्टेदार बनलें होतें. अकोल्याच्या पाद्र्यानें ज्या राजाची शपथ वाहावयाची, तो राजा त्या भूमीचा पट्टेदार!

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची आहे. १९३० च्या एप्रिलांत अकोल्यानजीक दहीहंड्यास मिठाचा कायदा मोडला गेला, आणि १० जुलैस बापूजी अणे यांनीं पुसद येथें जंगलाचा कायदा मोडला. मंडल्याच्या गोंडांचें व बैगांचें दुःखही जंगलाच्या कायद्याशींच निगडित होतें. शाळा व दवाखाना चालविण्यास शपथ आड येत नव्हती. परंतु जंगल कोणाचें, असें विचारतांच ती आड येणार, हें एल्विन यांनीं ओळखलें. वुड यांची गरिबांविषयींची कळकळ खोटी होती असें म्हणण्यास आधार नाहीं. मात्र सेवा आणि सत्ता हे प्रश्न वेगळे ठेवतां येतात, ही त्यांची समजूत त्या काळच्या बहुतेक मिशनऱ्यांची होती, आणि ती आमच्या मतें टिकणारी नव्हती.

तरीही एल्विन यांस निष्कलंक वीर ठरविण्याची घाई नको. १९३२ सालीं ते विलायतेस गेले असतां परत येण्याच्या परवानगीस सरकारनें अडथळा केला. तेव्हां राजकीय चळवळींत भाग घेणार नाहीं, असें लेखी अभिवचन देऊन त्यांनीं ती मिळविली. बिशपांस नाकारलेली गोष्ट वेगळ्या शब्दांत त्यांनीं सरकारास दिली, असें कोणी म्हणेल. परंतु देवाच्या नांवानें घेतलेली शपथ आणि प्रवासाच्या परवान्यासाठीं लिहून दिलेला कागद यांत एल्विन भेद करीत असावेत, व तो भेद अगदींच पोकळ नाहीं.

१९३५ च्या नोव्हेंबरांत एल्विन यांनीं आंग्ल पंथ सोडला. बैगांवरील त्यांचा मोठा ग्रंथ १९३९ सालचा. बेवर शेतीवर सरकारनें घातलेल्या बंदीनें त्या जमातीचें काय झालें, याची नोंद त्यांत सविस्तर आहे. शामरावांचें प्रधानांवरील इंग्रजी पुस्तक १९४६ मध्यें निघालें. पुढें १९५४ सालीं एल्विन भारताचे नागरिक झाले. या वादाची एल्विन यांनीं सांगितलेली बाजू त्यांच्या १९६४ सालच्या आत्मचरित्रांत छापलेली आहे, आणि बहुतेक लेखक तेवढीच वाचून वुड यांस दोष देतात.

वुड १९३६ सालीं नागपूरच्या गादीवरून उतरले. त्याच वर्षीं २४ ऑक्टोबरच्या करारानें वऱ्हाडावरील निजामाचें सार्वभौमत्व इंग्रज सरकारनें पुनश्च मान्य केलें, व निजामाच्या युवराजास ‘प्रिन्स ऑफ बेरार’ हा किताब मिळाला.