आझादीसॅट

देशभरातील 75 शाळांमधील सुमारे 750 विद्यार्थिनींनी घडवलेला, आठ किलो वजनाचा लघुउपग्रह. 7 ऑगस्ट 2022 रोजी तो श्रीहरिकोटाहून उडाला. पण 356 किमीची वर्तुळाकार कक्षा साधली नाही, कक्षेचे खालचे टोक 76 किमीवर आले नि उपग्रह वाया गेला. 10 फेब्रुवारी 2023 रोजी आझादीसॅट-2 मात्र 450 किमीवर पोहोचला. मुलींनी तयार भागच जोडले, असा आक्षेप घेता येईल. तो निम्मा खरा. एकत्रित जुळणी ‘स्पेस किड्झ इंडिया’ या संस्थेची, मुलींच्या वाट्याला पन्नासेक ग्रॅमची एकेक उपकरणे आणि त्यांचे प्रोग्रॅमिंग. पुण्याच्या सीओईपी या अभियांत्रिकी महाविद्यालयाचा, किलोभरही नसलेला ‘स्वयम्’ उपग्रह (उड्डाण 22 जून 2016) अधिक स्वावलंबी खरा, पण तो अभियांत्रिकीच्या विद्यार्थ्यांचा. शाळकरी वयात उपकरणाला आज्ञा लिहिता येणे, हीच निर्मिती मानावी.